हजेरीपट ते सेवापुस्तक : रोजंदारीवरून कायम होताना

नोव्हेंबर २०२५ मध्ये माझ्या हातात नियुक्तीचा आदेश पडला. लिपिक-टंकलेखक, वेतनस्तर एस-६, वेतनश्रेणी १९,९००–६३,२००. रोजंदारीवर मी लागले ऑगस्ट २००३ मध्ये आणि औद्योगिक न्यायालयात तक्रार दाखल केली सप्टेंबर २०१६ मध्ये. या सगळ्या काळात आम्ही जिथे जिथे अडलो, तिथे आधी जाऊन आलेल्या कुणी चार ओळी लिहून ठेवल्या असत्या तर फार आधार वाटला असता. म्हणून हे लिहायला घेतले. खात्याचे, गावाचे, साहेबांचे नाव देत नाही. आमच्यासारखी माणसे जवळजवळ प्रत्येक खात्यात आहेत.

आमचे कार्यालय म्हणजे सरकारी रोपवाटिका आणि तिला लागून दोन खोल्या. बाहेर पिशव्या भरणाऱ्या, रोपांना पाणी घालणाऱ्या, तण काढणाऱ्या मजूर बायका. आत मुख्य लिपिक, एक शिपाई मामा आणि मी. माझे नाव सेवायोजन कार्यालयाकडून आले होते. छोटी मुलाखत झाली, टंकलेखनाची चाचणी झाली आणि २९ दिवसांचा आदेश मिळाला. तिसाव्या दिवशी खंड, त्यानंतर नवा आदेश. खंडाच्या दिवशी काम थांबत नसे. टपाल येतच असे आणि ते मीच आवक नोंदवहीत चढवत असे, पण त्या दिवसाची मजुरी नसे. महिनाअखेरीस हातात दोन हजारांच्या आत रक्कम यायची. बाहेरच्या बायकांना तर लेखी आदेशही नव्हता. नमुना २१ च्या हजेरीपटावर नाव आणि त्यापुढे अंगठा, एवढीच त्यांची नोकरी.

मुलाखतीचे पत्र, सेवायोजन नोंदणीची प्रत आणि पहिला आदेश मी एका प्लास्टिकच्या पिशवीत घालून घरी कपाटात ठेवले होते. पुढे न्यायालयात पहिला प्रश्न हाच आला की नेमणूक कुठल्या मार्गाने झाली. तुमच्याकडे असा एखादा कागद असेल तर त्याच्या दोन प्रती आजच काढा आणि मूळ कागद कार्यालयात कुणालाही देऊ नका. ‘पडताळणीसाठी द्या’ म्हणाले तर प्रत द्या आणि पोच घ्या.

२००८ मध्ये मला दुसरे मूल झाले. बाळंतपणाची रजा मागितली तर ‘रोजंदारीला रजा नसते, ताई’ असे उत्तर मिळाले. तीन महिने बिनपगारी घरी राहिले आणि परत आल्यावर नवी नेमणूक दाखवली गेली. तेव्हा मला हे ठाऊक नव्हते की सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्येच, दिल्ली महापालिकेच्या हजेरीपटावरील महिला कामगारांच्या प्रकरणात, रोजंदारीवरच्या स्त्रीलाही प्रसूती लाभ द्यावा लागतो असा निकाल दिला आहे. तेव्हा लागू असलेल्या औद्योगिक विवाद अधिनियमाच्या कलम २५-ब मध्येही सलग सेवा मोजताना प्रसूती रजेचे बारा आठवड्यांपर्यंतचे दिवस काम केल्यासारखे धरले जात. आमच्यापैकी बहुतेक जणींच्या सेवेत खात्याने दाखवलेला ‘मोठा खंड’ हा बाळंतपणाचाच होता. पुढे सरकारी वकिलांनी त्यावर बोट ठेवले, तेव्हा आमच्या वकीलसाहेबांनी हेच कलम वाचून दाखवले. ते ऐकताना मला रडू आले. आठ-नऊ वर्षे आम्ही त्या महिन्यांना आमचा दोष समजत होतो.

मार्च २०१६ मध्ये कुजबूज सुरू झाली की आता सगळी माणसे बाह्यस्रोतातून, म्हणजे एजन्सीमार्फत घेणार. ते वर्ष रोपवाटिकेसाठी सर्वात धावपळीचे होते. १ जुलै २०१६ ला राज्यभर एकाच दिवशी दोन कोटी झाडे लावायची होती. बायका पहाटे येत, अंधार पडल्यावर जात. मी रोपांच्या उचलीचे तक्ते टंकत असे. आणि त्याच जुलैमध्ये एजन्सीचे छापील फॉर्म आले. वर लिहिले होते, ‘मी सदर एजन्सीचा/ची कर्मचारी असून शासनाशी माझा कोणताही संबंध नाही.’ सही केली नाही तर पुढच्या महिन्यापासून येऊ नका, असे तोंडी सांगितले गेले.

अशी वेळ आली तर त्या कागदावर सही करू नका, निदान कुणा जाणकाराला दाखवल्याशिवाय तरी नाही. त्या एका सहीने मागची सगळी वर्षे दुसऱ्याच्या नावावर जातात. आम्ही सगळ्याजणींनी मिळून एक साधा अर्ज लिहिला: आम्ही अमुक वर्षापासून थेट या कार्यालयाकडे काम करत आहोत, एजन्सीकडे जाण्यास आमची संमती नाही. त्याची आवक क्रमांक आणि शिक्क्यासह पोच घेतली. पोच द्यायला टाळाटाळ झाली म्हणून हाच अर्ज रजिस्टर पोस्टानेही पाठवला. घरी हे घाबरले होते. म्हणाले, ‘असलेलीही जाईल.’ ती भीती मलाही होती. पण बाहेरच्या थोरल्या मावशी म्हणाल्या, ‘सही केली तरी जाणारच हाय, मग सही करून कशाला जायचं?’ त्यांच्या या बोलण्याने सगळ्यांचा निर्णय झाला.

कागद गोळा करण्याचे काम मात्र आम्ही मार्चमध्ये कुजबूज ऐकली तेव्हाच सुरू केले होते. माहिती अधिकाराचा अर्ज नमुना ‘अ’ मध्ये, त्यावर दहा रुपयांचे कोर्ट फी तिकीट. मागितले काय, तर २००३ पासूनचे हजेरीपट, मजुरी अदा केल्याची प्रमाणके (व्हाउचर), कार्यालयाचा मंजूर आकृतिबंध, म्हणजे मंजूर पदांचा तक्ता, आणि भरलेल्या व रिक्त पदांची माहिती. तीस दिवसांच्या आत उत्तर आले: आकृतिबंध दिला, पण ‘जुने हजेरीपट आढळून येत नाहीत’. त्यावर वीस रुपयांचे तिकीट लावून पहिले अपील केले. बरोबर एक दुसरा अर्ज केला, तो विभागीय कार्यालयाकडे. हजेरीपट आमच्याकडे लिहिला जायचा, पण पैसे काढताना त्याची एक प्रत प्रमाणकासोबत वर जायची, हे मला रोजच्या कामामुळे माहीत होते. त्या बेरजा माझ्याच टेबलावरून जात. विभागीय कार्यालयाच्या अभिलेख खोलीत बरेच गठ्ठे निघाले. दोन रुपये पानाप्रमाणे प्रती मिळाल्या.

म्हणून माझे सांगणे असे की एका ठिकाणी ‘आढळत नाही’ म्हणाले तर थांबू नका, तो कागद आणखी कुठे कुठे गेला असेल याचा विचार करा. कोषागार, लेखा शाखा, वरचे कार्यालय, लेखापरीक्षण. अर्ज चुकीच्या कार्यालयाकडे गेला तर कलम ६(३) प्रमाणे तो त्यांनीच पाच दिवसांत योग्य ठिकाणी पाठवायचा असतो. प्रती मागण्याऐवजी अभिलेखाची प्रत्यक्ष पाहणीही मागता येते. गठ्ठे समोर असले की ‘सापडत नाही’ म्हणणे अवघड जाते. हजेरीपटाशिवाय इतर खुणाही उपयोगी पडतात. माझ्या हस्ताक्षरातल्या आवक-जावक नोंदी, निवडणुकीच्या कामाचा आदेश, साहेबांनी दिलेला अनुभवाचा दाखला, आणि मजुरी बँकेत जमा होऊ लागल्यापासूनचे पासबुक. बायकांचे पासबुक भरून घ्यायला आम्ही एक शनिवार सगळ्याजणी मिळून बँकेत गेलो होतो.

मग दिवसांची मोजदाद. एका वर्षात २४० दिवस भरले की सलग सेवेचे एक वर्ष धरतात. ते मोजताना फक्त हजेरीच्या फुल्या मोजायच्या नसतात. साप्ताहिक सुट्ट्या आणि पगारी सुट्ट्याही त्यात येतात, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्येच सांगितले आहे. मी वहीत प्रत्येकीचे वर्षवार रकाने आखले आणि प्रत्येक आकड्यापुढे तो कुठल्या कागदावरून घेतला त्याचा पान क्रमांक लिहिला. वकीलसाहेबांनी ती वही पाहिली आणि तक्ता जसाच्या तसा तक्रारीला जोडला. आमच्या सगळ्या लढ्यात मला काही मोलाचे वाटत असेल तर ती वही. ‘वीस वर्षे राबलो’ हे खरे असते, पण तिथे ते वर्षवार आणि कागदानिशी दाखवावे लागते.

वकील शोधताना बरेच फिरलो. कुणी म्हणाले मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जा, कुणी म्हणाले थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करा. शेवटी कामगारांच्या केसेस चालवणारे एक वयस्कर वकील भेटले. त्यांनी समजावले की तुमच्या प्रकरणात दिवस सिद्ध करायचे आहेत, साक्षीदार तपासायचे आहेत, दप्तर मागवायचे आहे. रिटमध्ये साधारणपणे पुरावा नोंदवला जात नाही. त्यामुळे औद्योगिक न्यायालय बरे. महाराष्ट्रात त्यासाठी १९७१ चा कायदा आहे, कामगार संघटनांना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध यांविषयीचा. कोर्टाच्या आवारात सगळे त्याला ‘पीयूएलपी’ आणि तक्रारीला ‘यूएलपी’ म्हणतात. त्याच्या चौथ्या अनुसूचीतली सहावी बाब जणू आमच्यासाठीच लिहिली आहे: कायम कामगाराचा दर्जा आणि लाभ मिळू नयेत या हेतूने माणसांना बदली (दुसऱ्याच्या जागी काम करणारे), नैमित्तिक किंवा तात्पुरते म्हणून वर्षानुवर्षे ठेवणे ही अनुचित प्रथा आहे.

यात दोन बारकावे आहेत. एक, तक्रार अनुचित प्रथा घडल्यापासून ९० दिवसांत करायची असते. सहाव्या बाबीतील प्रथा रोज चालू असते असा युक्तिवाद करता येतो, पण वकीलसाहेबांनी धोका घेतला नाही. जुलैचे एजन्सीचे पत्र धरून आम्ही सप्टेंबरातच दाखल केली. दोन, कलम २१ प्रमाणे सहाव्या बाबीच्या तक्रारीत मान्यताप्राप्त संघटना असेल तर तिच्यामार्फतच उभे राहावे लागते. नसेल तर कामगार स्वतः उभा राहू शकतो. आमच्याकडे अशी संघटना नव्हती आणि तसे तक्रारीत स्पष्ट लिहावे लागले. हे राहून गेलेली एक तक्रार पहिल्याच टप्प्यावर अडकलेली मी तिथे पाहिली आहे.

नव्याने दाखल करणाऱ्यांसाठी: २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता अमलात आली आहे आणि १९४७ चा औद्योगिक विवाद अधिनियम तिच्यात सामावला गेला आहे. त्यामुळे मी सांगते ती कलमे जशीच्या तशी उतरवून घेऊ नका. आज कोणते कलम लावायचे ते वकिलांना पहिल्याच भेटीत विचारा.

खर्चाचे सांगते. औद्योगिक न्यायालयासाठी वकीलसाहेबांनी सगळ्यांचे मिळून चाळीस हजार सांगितले, तेही हप्त्याने. आम्ही बचत गटासारखी एक वही घातली आणि दर महिन्याला प्रत्येकी शंभर रुपये जमा करू लागलो. न्यायालयात किंवा सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक लागत नाही, साधा कागद चालतो. आवाराबाहेरचे लोक स्टॅम्प पेपर घ्यायला लावतात, तिथे पैसे घालवू नका. आणखी एक गोष्ट आम्हाला फार उशिरा कळली. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना आणि औद्योगिक कामगारांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो. तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समितीचे कार्यालय असते, तिथे अर्ज करायचा.

तक्रारीसोबत अंतरिम अर्ज दिला होता. या न्यायालयात कामगारांच्या कागदांना ‘यू’ आणि मालकाच्या कागदांना ‘सी’ असे क्रमांक पडतात. आमची तक्रार यू-१ आणि हा अर्ज यू-२. डिसेंबर २०१६ मध्ये १९७१ च्या कायद्याच्या कलम ३०(२) खाली आदेश झाला: तक्रारीचा निकाल लागेपर्यंत अर्जदारांना कामावरून कमी करू नये आणि एजन्सीकडे वर्ग करू नये. त्या रात्री मी कित्येक महिन्यांनी नीट झोपले. आदेशाची प्रमाणित प्रत घेऊन दुसऱ्याच दिवशी कार्यालयात पोच घेतली. तोंडी सांगून काही होत नाही.

पुढची वर्षे मी भरभर सांगते, कारण तेव्हा घडले थोडे आणि थांबणे फार. खात्याचे लेखी म्हणणे यायलाच बराच काळ गेला. साहेबांची बदली, सरकारी वकील बदलले, न्यायाधीशांची जागा रिकामी. कार्यालयात बोलणे कमी झाले. माझ्याकडचे संगणकाचे काम काढून मला बियाण्याच्या गोदामात नोंदी करायला बसवले. मी अर्ज केला नाही, तक्रार केली नाही. वेळेवर जायचे आणि रोजची नोंद घरच्या वहीत तारखेनिशी लिहायची. तारखांना एसटीने जायचे, बायकांची एक दिवसाची मजुरी बुडायची. म्हणून ठरवले की दर तारखेला दोघींनीच जायचे आणि संध्याकाळी बाकीच्यांना सांगायचे. मार्च २०२३ पासून एसटीत महिलांना अर्धे तिकीट झाले, तेव्हा आमच्या वहीतला प्रवासाचा खर्च पहिल्यांदा उतरला. २०२० चे वर्ष टाळेबंदीत गेले. रोपवाटिकेतल्या रोपांना तेव्हाही पाणी लागत होते आणि ते आमच्याच बायकांनी घातले.

खात्याचे म्हणणे तीन मुद्द्यांवर होते. पहिला, सरकारी रोपवाटिका हा ‘उद्योग’ नाही, म्हणून हा कायदा तिला लागू नाही. याला उत्तर म्हणून ‘उद्योग’ या शब्दाचा अर्थ व्यापक धरणाऱ्या १९७८ च्या बंगळूर पाणीपुरवठा प्रकरणाचा आधार आमच्याकडे होताच, पण आमच्या जास्त जवळचा निकाल डिसेंबर १९९५ चा. पुण्याजवळच्या पाचगाव-पर्वती योजनेवर वर्षानुवर्षे राबलेल्या वन मजुरांना औद्योगिक न्यायालयाने याच सहाव्या बाबीखाली कायम केले होते आणि सर्वोच्च न्यायालयाने ते मान्य केले. आमच्यासारखीच माणसे, आमच्यासारखेच काम. तो निकाल मी मराठीत उतरवून बायकांना वाचून दाखवला होता.

दुसरा मुद्दा सर्वोच्च न्यायालयाचा उमादेवी निकाल. रोजंदारीवरच्या प्रत्येकाला हे नाव कधी ना कधी ऐकावे लागते. १० एप्रिल २००६ ला पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने सांगितले की नियमित भरतीशिवाय घेतलेल्यांना केवळ अनेक वर्षे काम केले म्हणून कायम होण्याचा हक्क मिळत नाही. कार्यालयात हा निकाल एवढाच सांगितला जातो. त्यातला ५३ वा परिच्छेद वाचून दाखवला जात नाही. मंजूर रिक्त पदावर, पात्रता असताना, न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षे काम केलेल्यांना एकदाच नियमित करण्याची प्रक्रिया सरकारने राबवावी, असे तिथे म्हटले आहे. शिवाय २००९ मध्ये एसटी महामंडळ विरुद्ध कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की उमादेवी निकालामुळे अनुचित प्रथेविरुद्ध आदेश देण्याचे औद्योगिक न्यायालयाचे कलम ३० खालचे अधिकार संपलेले नाहीत. महाराष्ट्रातल्या कामगाराने हा निकाल पाठच करून ठेवावा.

तिसरा मुद्दा पदाचा, आणि खरी अडचण तीच आहे. पद मंजूर नसेल तर न्यायालये कायम करण्याचा आदेश द्यायला कचरतात. माझ्या बाबतीत आकृतिबंधात लिपिकाचे एक पद सलग रिक्त दिसत होते, ते माहिती अधिकारात मिळाले होते. मजूर बायकांसाठी मात्र मंजूर पदच नव्हते. तिथे आम्ही वेगळी मागणी केली: अधिसंख्य, म्हणजे मंजूर पदांच्या वर जादा पदे निर्माण करण्याचा प्रस्ताव शासनाकडे पाठवावा. वनविभागातल्या रोजंदारी मजुरांसाठी ३१ जानेवारी १९९६ आणि १६ ऑक्टोबर २०१२ च्या शासन निर्णयांनी सरकारने मार्ग काढलेला आहे, तो दाखला जोडला.

माझी उलटतपासणी २०१९ मध्ये झाली. आधी शपथपत्रावर सरतपासणी, म्हणजे आपल्या बाजूने द्यायची साक्ष. उलटतपासणीच्या आदल्या रात्री छातीत धडधडत होते. प्रश्न साधे असतात, पण उत्तर ‘हो’ किंवा ‘नाही’त मागतात. ‘वृत्तपत्रात जाहिरात आली होती का?’ नाही. ‘तुमच्या आदेशात २९ दिवस लिहिले आहे ना?’ हो. मी प्रत्येक वेळी आधी सगळा प्रश्न ऐकायचे, मग सावकाश उत्तर द्यायचे, आणि आठवत नसेल तिथे ‘कागद पाहून सांगते’ म्हणायचे. वकीलसाहेबांनी तसेच सांगितले होते. थोरल्या मावशींना विचारले, ‘तुम्हाला लिहिता-वाचता येत नाही, मग किती दिवस काम केले हे कसे सांगता?’ त्या म्हणाल्या, ‘साहेब, ज्या दिवशी गेले न्हाई त्या दिवशी चूल पेटली न्हाई, ते ध्यानात ऱ्हातं.’ न्यायाधीशांनी ते वाक्य तसेच लिहून घेतले.

खात्याच्या अधिकाऱ्यांची साक्ष २०२१ मध्ये झाली. आमच्या वकिलांनी विचारले, ‘रोपवाटिका बंद होती असे एखादे वर्ष सांगा.’ त्यांना सांगता आले नाही. २०१६ ला दोन कोटी, २०१७ ला चार कोटी, २०१८ ला तेरा कोटी, २०१९ ला तेहतीस कोटी असे राज्याचे वृक्षलागवडीचे आकडे सगळ्यांना ठाऊक होते. काम तात्पुरते आहे हे म्हणणे त्यानंतर टिकणे कठीण होते. जे हजेरीपट न्यायालयाने मागवूनही दिले नाहीत, त्यांच्याबद्दल खात्याविरुद्ध अनुमान काढावे असा अर्जही आम्ही दिला होता. मात्र एक लक्षात असू द्या: कामगाराने आधी स्वतः साक्षीला उभे राहून आपले दिवस सांगावे लागतात, मगच तो भार समोरच्यावर जातो.

ऑगस्ट २०२२ मध्ये निकाल लागला. सहाव्या बाबीची अनुचित प्रथा सिद्ध. मला रिक्त पदावर कायम करावे आणि बायकांसाठी सहा महिन्यांत अधिसंख्य पदांचा प्रस्ताव पाठवून त्यांना गट-ड चे लाभ द्यावेत. आम्ही निकालाच्या आठवड्यातच उच्च न्यायालयात कॅव्हेट दाखल केले, म्हणजे आमचे ऐकल्याशिवाय स्थगिती मिळू नये. कॅव्हेट ९० दिवसच चालते. मुदत संपली की पुन्हा दाखल करावे लागते आणि आम्ही ते केले. खात्याची रिट याचिका २०२३ च्या सुरुवातीला आली, तेव्हा आमचे वकील समोर होते. फरकाच्या रकमेला, म्हणजे कायम पदाचा पगार आणि मिळालेली मजुरी यांतल्या थकबाकीला स्थगिती मिळाली, पण आमचे काम चालू ठेवावे असेही आदेशात आले. उच्च न्यायालयाच्या वकिलांचे पंचाहत्तर हजार झाले. त्यासाठी मी अंगावरचे दोन डाग मोडले.

याचिका पडून असताना दिल्लीहून एकामागून एक निकाल आले. २० डिसेंबर २०२४ ला जग्गो विरुद्ध भारत सरकार: केंद्रीय जल आयोगाच्या फरीदाबादच्या कार्यालयात वर्षानुवर्षे झाडलोट आणि बागकाम करणाऱ्यांना २०१८ मध्ये अचानक काढले होते, त्यांना परत घेऊन नियमित करण्याचा आदेश झाला. उमादेवी निकालाचा वापर दीर्घकाळ राबलेल्यांविरुद्ध शस्त्रासारखा होतो आहे, असे न्यायालयाने त्यात सुनावले. ३१ जानेवारी २०२५ ला गाझियाबाद महापालिकेच्या माळ्यांचा निकाल आला. माळी! आमच्या बायकांना मी सांगितले तेव्हा एकीने विचारले, ‘म्हंजी त्यांचीबी रोपवाटिकाच का?’ दोन्ही निकाल आमच्या वकिलांनी जुलै २०२५ च्या अंतिम सुनावणीत पुढे ठेवले आणि खात्याची याचिका फेटाळली गेली. एक बदल झाला: फरक आणि नियमित सेवा नेमणुकीपासून नव्हे, तक्रार दाखल केल्याच्या तारखेपासून. म्हणजे २००३ ते २०१६ ही वर्षे गेली. ते मला अजूनही पचत नाही. कुणी तक्रार करू की नको या विचारात असेल, तर या एका गोष्टीसाठी तरी उशीर करू नये.

आदेश निघाल्यावरही कागद संपत नाहीत. जिल्हा शल्यचिकित्सकांचे वैद्यकीय प्रमाणपत्र, पोलिसांची चारित्र्य पडताळणी, मराठी ३० आणि इंग्रजी ४० शब्द प्रतिमिनिट वेगाची टंकलेखन प्रमाणपत्रे, लहान कुटुंबाचे प्रतिज्ञापत्र, आणि आरक्षित पद असेल तर जात वैधता प्रमाणपत्र. वैधतेला सर्वात जास्त वेळ लागतो; निकालाची वाट न पाहता ते आधीच करून ठेवा. सेवापुस्तक उघडले की पहिल्या पानावरची जन्मतारीख, नावाचे स्पेलिंग आणि नियुक्तीची तारीख स्वतः वाचून मगच सही करा. माझ्या पुस्तकात सुरुवातीला आदेशाची तारीख, नोव्हेंबर २०२५ ची, नियुक्तीची म्हणून घातली होती. निकालाची प्रत दाखवून ती सप्टेंबर २०१६ अशी दुरुस्त करून घेतली. नियमित सेवा १ नोव्हेंबर २००५ नंतरची धरल्यामुळे मला जुनी पेन्शन नाही, एनपीएस (राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजना) आहे. वय ४९, निवृत्ती ५८ ला.

फरकाचा तक्ता मी स्वतः तयार करून लेखा शाखेला दिला आहे. रक्कम वेळेत आली नाही तर १९७१ च्या कायद्याच्या कलम ५० खाली वसुली दाखल्याचा अर्ज करता येतो, आणि आदेशच पाळला नाही तर कलम ४८ खाली कारवाई मागता येते. मजूर बायकांच्या अधिसंख्य पदांचा प्रस्ताव सध्या वित्त विभागाकडे आहे. थोरल्या मावशी २०२१ मध्येच साठीच्या झाल्या आणि कामावरून उतरल्या. त्यांना कुणीतरी सांगितले होते की आता तुमचा संबंध संपला. तसे नाही, तक्रारीच्या तारखेपासून साठ वर्षे पूर्ण होईपर्यंतचा फरक त्यांचा आहे आणि त्यांचे नाव आम्ही तक्त्यात पहिले घातले आहे. उच्च न्यायालयाने दिलेली सहा महिन्यांची मुदत जानेवारी २०२६ ची आहे. कलम ४८ चा अर्ज टंकून तयार ठेवला आहे, त्यावर सगळ्यांच्या सह्या आणि अंगठे घेऊन झाले आहेत.